इंदूबाईची हरकत

इंदूबाईला राग आला की ती झाडू हाती घ्यायची. तोंडानं अवाक्षर नाही. सौंसरच्या जुन्या जनाना दवाखान्याचं अंगण ज्या दिवशी ताटासारखं लखलखीत दिसे, त्या दिवशी वस्तीतल्या बाया समजून जात की आज कोणी तरी हिच्या वाटेला गेलं आहे. पण शहाऐंशीच्या उन्हाळ्यात तिला जो राग आला, तो झाडूनं झटकला जाण्यातला नव्हता. त्याला थेट कचेरीची पायरी लागली.

आधी दवाखान्याचं सांगायला पाहिजे, नाही तर इंदूबाई कळायची नाही.

तो दवाखाना राधाबाई नावाच्या एका विधवेनं बांधला. तिची सून अडली होती, तिला बैलगाडीत घालून छिंदवाड्याला नेत होते, आणि घाटातच ती गेली. पोटातलंही गेलं. राधाबाईनं घरी येऊन तेराव्यापर्यंत दम धरला आणि चौदाव्या दिवशी अंगावरचं सोनं मोडायला काढलं. काळ्या दगडाची इमारत उभी राहिली. हातभर रुंद भिंती, चुन्यात गूळ नि बेलाचा गर कालवून बांधलेल्या. वर मातीच्या कवेलूंचं छप्पर, समोर तीन कमानींचा ओसारा, सागाची उंच दारं. वैशाखात बाहेर संत्र्याचं झाड मान टाकत असलं तरी आत बाळंतीण पांघरूण मागायची. इतकी ऐंशी वर्षं झाली, पण त्या भिंतीला कधी भेग गेली असं कोणी पाहिलं नाही.

इंदूबाई तिथं आया म्हणून लागली तेव्हा सतरा वर्षांची होती. सासू आधीपासून तिथंच कामाला, तिच्या हाताखाली ही. पुढं छप्पन साल आलं. दसऱ्याला नागपूरला जाऊन तिच्या घरच्यांनी धम्म घेतला आणि दिवाळीला सरकारनं राज्य बदललं, नागपूर मराठी मुलखात गेलं आणि सौंसर हिंदी राज्यात राहिलं. ती म्हणायची, "पंधरा दिवसात मायं दोन्ही बदललं. धर्म मी बदलला, तो मले मानवला. राज्य मले न इचारता बदललं, त्याचं काही सांगता येत नाई." कारण राज्य बदललं तशी कचेरीतली भाषा बदलली. माणसं तीच, शेतं तीच, बाजार तोच, पण कागद हिंदीत येऊ लागले. बोलायला हिंदी सगळ्यांनाच येत होती. बाजारात, बसमध्ये, नळावर सगळीकडे ती चालायची. पण कागदावरची हिंदी ही वेगळीच बया. ती नाकात नथ घालून, ताठ मानेनं यायची.

गावाची एक गंमत होती. ज्या घरी इंदूबाईला पाणी वरून ओतत, त्या घरच्या लेकराला पहिली आंघोळ इंदूबाईची. पहिला हात तिचा, पहिली चापटही तिचीच. अकरा दिवस बाळंतिणीचं शेकणं, माखणं, बाळाची टाळू भरणं सगळं तिच्याकडे. बाराव्या दिवशी बारसं, आणि बारशाच्या जेवणात हिचं ताट अंगणात. ती अंगणात बसून जेवायची आणि घरात पाळण्याजवळ ज्या बाया गात असत त्यांना ऐकू जाईल इतक्या आवाजात म्हणायची की मी आत नाई बसत तर नाई बसत, पण आत जो झोपून राहिला त्याले बाहेर मीच काढलं.

आणि नाळेचं काम तिचंच. ते तर दुसरं कोणी करायलाच तयार नसे.

दवाखान्याची मागची भिंत आणि तिला लागून आवाराची भिंत, यांच्या कडेकडेनं ती खड्डा करायची. हातभर खोल, कुत्र्याला उकरता येऊ नये इतका. मूठभर मीठ टाकून नाळ आणि वार पुरायची. लेकरू फार किरकिर करू लागलं, दूध घेईना झालं, की त्याच्या नाळेवर तांब्याभर पाणी घालायची त्या गावात रीत. मग घरची बाई येऊन विचारणारच की आमची नाळ कुठी हाये. इंदूबाईला तेव्हा लिहिता येत नव्हतं. तिनं भिंतीचीच वही केली. पायथ्याच्या ओळीत विहिरीकडच्या कोपऱ्यापासून सुरुवात करून दोनशे अकरा दगड. एका घराला एक दगड. थोरला, धाकटा, मधली, पुढं त्यांची लेकरं, सगळी त्याच दगडापाशी. कुणबी पाटलांचा दगड, त्याला लागून तेल्यांचा, मग बांगड्यावाल्या मुसलमानाचा, मग जोशांचा, आणि जोशांना खेटून इंदूबाईच्या स्वतःच्या घरचा. गावच्या पंगतीत जी माणसं कधी एका ओळीत बसली नाहीत ती इथं एका ओळीत होती, आणि कोणाची काही तक्रार नव्हती. तक्रार करायला ती माणसं तेव्हा फार लहान होती.

पोरी लग्न होऊन नागपूरला, काटोलला, पांढुर्ण्याला गेल्या की माहेरी आल्यावर मारुतीच्या पाया पडत आणि मग मागच्या अंगणात येत. "मावशी, आमचा दगड कोनता?" इंदूबाई हातातलं काम न सोडता सांगायची, "विहिरीपासून मोज. शहात्तरावा. वर कोंबडीच्या पायासारखी चीर हाये पाय." पोरगी दगडाला हात लावून घटकाभर उभी राहायची. काय मागायची कोण जाणे. इंदूबाईनं कोणाला विचारलं नाही.

एक्क्याऐंशीत सरकारी इस्पितळात बायांचा वॉर्ड झाला आणि हा दवाखाना बंद पडला. ज्या न्यासाकडे इमारत होती त्यांनी इंदूबाईच्या हाती किल्ल्या दिल्या आणि लक्ष ठेवा म्हणाले. तिनं लक्ष ठेवलं. रोज झाडलं, पोळ्याच्या आधी चुना मारला, सरकलेले कवेलू दर उन्हाळ्यात फेरून नीट बसवले. न्यासाचे मुख्य विनायकराव, राधाबाईच्या दिराचा नातू. एकशे तिसरा दगड त्यांचा. पायाळू जन्मले होते. तीन तास त्यांच्या आईचा जीव टांगणीला होता आणि इंदूबाईच्या सासूनं हात घालून त्यांना फिरवून काढलं होतं. इंदूबाई तेव्हा कंदील धरून उभी होती. एवढी खटपट करून बाहेर काढलेला माणूस पुढं काय दिवे लावील हे तेव्हा कसं कळावं.

बंद पडल्याच्या त्याच सुमाराला गावात प्रौढ शिक्षणाचा वर्ग निघाला. शिकवायला गजानन मास्तर. निवृत्त माणूस, मराठी आणि हिंदी दोन्ही शाळांत शिकवलेला, दोन्ही भाषांत भाषण ठोकणारा. इंदूबाई दुपारी जाऊन बसे. सहा महिन्यांत तिला अक्षर लागलं. एक एक अक्षर ती तांदूळ निवडल्यासारखं उचलायची, पण चुकायची नाही. आपलं नाव लिहिता आलं त्या दिवशी तिनं मास्तरच्या घरी संत्र्यांची टोपली नेऊन दिली. मास्तरला ती फार मानायची. या गोष्टीत एवढीच एक चूक तिची म्हणता येईल.

शहाऐंशीच्या फेब्रुवारीत गारा पडल्या. लिंबाएवढ्या गारा. संत्र्याच्या आंब्या बहाराची फुलं झडून बागांत पांढरा सडा झाला. मग पटवारी आला, ग्रामसेवक आला, कोणाचं काय गेलं ते लिहून नेलं. आठ दिवस गावात तोंडातोंडी एकच शब्द, आपत्ती. नैसर्गिक आपत्ती. ज्याच्यावर आपत्ती आली त्यानं नाव द्यावं.

त्याच्याच पाठोपाठ न्यासाचा मुनीम एक लांब कागद घेऊन दवाखान्याच्या आसपासच्या वस्तीत आला. पहिल्यांदा इंदूबाईकडेच. कागदावर हिंदीत चार ओळी आणि खाली सह्यांना जागा. मुनीम म्हणाला की शेजाऱ्यांची सही लागते. तिनं कागद हाती घेतला. शिकलेली बाई, न वाचता कशी करेल? वरचं सगळं शब्दांचं जंगल होतं, भवन, निर्माण, प्रस्तावित असलं काही. शेवटची ओळ मात्र मोठ्या अक्षरात होती. बोट ठेवून तिनं वाचली. हमें. कोई. आपत्ति. नहीं. है.

तिनं विचार केला. गारांनी आपल्या वस्तीत कोणाचं काय गेलं? बागा ज्यांच्या त्यांच्या गेल्या. आपल्यापाशी बागच नाही. दोन-चार कवेलू फुटले, ते कोणाचे फुटत नाहीत. आपत्ती नसताना आहे म्हणून लिहून द्यावं, हे तिच्या रक्तात नव्हतं. आणि वाक्य तरी किती चांगलं. आम्हांवर काही संकट नाही. असं वाक्य घराच्या चौकटीवर लिहून ठेवावं.

तरी ती हुशार. कागद घेऊन मास्तरकडे गेली. मास्तर ओसरीवर दाढी करत होते. तिनं ओळ दाखवली आणि विचारलं की आपत्ती म्हणजे संकटच ना, मास्तर? मास्तरांनी कागद वरून खालपर्यंत वाचला. वस्तरा पुसला. मग म्हणाले, "मराठीत तर तेच होते, बाई."

तिनं सही केली. ठळक, एका रेषेत. मग मुनिमाबरोबर ती स्वतः घरोघर फिरली. सुमन म्हणून तिची शेजारीण, तिनं कागद पाहून काचकूच केली. इंदूबाईनं तिला समजावलं की अवो, आपल्यावर संकट नाई एवढंच लिहून द्यायचं हाये, नाई म्हनलं तर उलट अशुभ. बावीस बायांनी अंगठे दिले. इंदूबाईच्या शब्दाखातर.

एप्रिलात एका सकाळी दवाखान्यासमोर दोन बैलगाड्या आणि सहा माणसं सब्बल, म्हणजे लोखंडी पहारी, घेऊन उभी. इंदूबाई पोचेपर्यंत ओसाऱ्याची पहिली कमान खाली आली होती. आतल्या खोल्यांची दारं बिजागऱ्यांसकट उपटून गाडीत रचली होती. ती मधे जाऊन उभी राहिली. कोणाच्या हुकमानं, म्हणून विचारलं. मुनीम छत्री धरून सावलीत उभा होता. त्यानं शांतपणे सांगितलं की इथं दुमजली बाजार होणार, तेवीस दुकानं निघणार, कचेरीची मंजुरी आली आहे. मग पिशवीतून तोच कागद काढला.

"आता काऊन आडव्या येता, इंदूबाई? पह्यली सही तुमचीच हाये."

"ते गारांचं होतं," ती म्हणाली.

"कायच्या गारा? वाचा ना. या इमारतीच्या जागी बाजार बांधाले आमची हरकत नाई."

"हरकत कुठी लिवली हाये? आपत्ती लिवली हाये. आपत्ती म्हणजे संकट."

मुनीम हसला. त्या हसण्याचं वर्णन ती पुढं वर्षभर करायची. म्हणायची, गाईनं वासरू चाटावं तसं तो हसला. "हिंदीत आपत्ति म्हणजे हरकत, बाई. सरकारी कागद हाये तो. सरकारी कागदाले मराठी नाई समजत."

त्या दिवशी एक गाडी पांढुर्ण्याच्या रस्त्याला लागली. तिच्यातली दारं तिथल्या लाकूडबाजारात गेली, ती कायमची गेली. दुसरी गाडी गावातच राहिली. इंदूबाई तिच्या मागं मागं चालत गेली. मास्तरच्या बोळात गाडी थांबली आणि बाळंतिणीच्या खोलीचं दार मास्तरच्या अंगणात उतरलं. मास्तर घरात होते, बाहेर आले नाहीत. नंतर सुमननं, ती त्यांच्याकडे भांडी घासायची, सांगितलं की नवीन बाजारात पहिला गाळा मास्तरच्या पोराचा. आणि ते दार त्यांनी न्हाणीला बसवलं.

इंदूबाई दोन दिवस जेवली नाही. विनायकरावांचा राग होता, मुनिमाचा होता. पण खरा राग होता तो आपल्या डोक्यावर. तीस वर्षं ज्या हातानं एक नाळ चुकीच्या दगडाला लावली नाही, त्या हातानं ही सही केली. आणि एकटीनं केली असती तर एकटीनं भोगलं असतं. तिसऱ्या दिवशी सुमन आली. तिनं आरडाओरडा केला नाही. फक्त म्हणाली, "तुनं सांगतलं म्हनून अंगठा देला. माया दोन लेकरायच्या नाळा तिथी हायेत. त्याच्यावर आता दुकानाचा संडास होईल." आणि निघून गेली. इंदूबाईला वाटलं, हिनं चार शिव्या हासडल्या असत्या तर बरं झालं असतं.

भिंत पडली की तिची सगळी वही गेली. कोणाचं कुठं ते कोणालाच सांगता यायचं नाही, तिलाही नाही. तिच्या डोक्यात नावं नव्हती, दगड होते.

दुसऱ्या दिवशी ती घरोघर गेली. ज्या दारांत अंगठे मागितले त्याच दारांत. प्रत्येकीला सांगितलं की चूक मायी झाली, आता चाला कचेरीत, मीच बोलीन. काहींनी ऐकवलं. तिनं ऐकून घेतलं. बावीसपैकी एकोणीस निघाल्या. उरलेल्या तिघींना नवऱ्यांनी सोडलं नाही.

कचेरीत बाबूनं सांगितलं की हरकती द्यायची मुदत पंधरा दिवसांची होती, ती केव्हाच गेली. साहेब कामात आहेत. इंदूबाई म्हणाली बरं, आणि साहेबाच्या दारासमोरच्या व्हरांड्यात बैठक मारली. एकोणीसही बसल्या. कोणी लसूण सोलायला आणला होता, कोणी लेकरू. दोन तास झाले. लसूण सोलून झाला. लेकरू रडू लागलं तसं दार उघडून साहेबच बाहेर आले. नवीन आलेले, रीवाकडचे, मराठीचा गंध नाही. पुढं पाऊल टाकायला जागा नाही असं पाहून ते चिडले.

"ये क्या हरकत है?"

इंदूबाई उठून उभी राहिली. "हो साहेब. हरकतच हाये. तेच सांगाले आलो आमी. लिहून घ्या."

बाबू खाली मान घालून हसू लागला. साहेबांना वाटलं बाई उर्मट आहे. त्यांनी पुन्हा विचारलं की हरकत म्हणजे काय म्हणायचंय तुम्हाला. तेव्हा बाबूला, तो गावातलाच, बोलणं भाग पडलं. त्यानं साहेबांना समजावलं की आपण ज्याला आपत्ति म्हणतो त्याला हे लोक हरकत म्हणतात. आणि हे लोक ज्याला आपत्ती म्हणतात ते म्हणजे पूर, गारा, आग. आणि आपण ज्याला हरकत म्हणतो, तिला हे चाळे म्हणतात.

साहेबांनी फाइल मागवली. तो लांब कागद निघाला. त्यांनी तेवीस सह्या-अंगठ्यांवरून बोट फिरवलं आणि हिंदीतच विचारलं, तुम्ही काय समजून सही केली?

इंदूबाईनं सांगितलं. गारांपासून मास्तरच्या वस्तऱ्यापर्यंत सगळं सांगितलं, अर्धं हिंदीत, अर्धं आपल्या बोलीत. शेवटी म्हणाली, "साहेब, तेव्हा आमच्यावर आपत्ती नव्हती. खरंच नव्हती. आता आली हाये. आता लिहून देतो."

साहेब हसले नाहीत. त्यांनी विचारलं की इमारत न्यासाची, तुमचा तिच्याशी संबंध काय? कायद्यात संबंध दाखवावा लागतो. तिनं सांगितलं, दाखवते, पण इथं बसून दाखवता येणार नाही, चालत यावं लागेल.

साहेबांनी पाडायचं काम थांबवायला सांगितलं आणि तिसऱ्या दिवशी स्वतः आले. विनायकराव आले, मुनीम आला, वकील आला. ओसाऱ्याची कमान पडलेली, धुळीत उभं राहून वकील बोलला की इमारत जुनी, धोक्याची, जीव जाईल कोणाचा. इंदूबाईनं विचारलं की सहा माणसं सब्बल घेऊन चार दिवस मारून राहिली आणि एकच कमान पडली, ती धोक्याची कशी? साहेबांनी वकिलाकडे पाहिलं. वकिलानं चष्मा पुसला.

मग ती त्यांना मागं घेऊन गेली. विहिरीच्या कोपऱ्यापासून सुरुवात केली. चालत चालत दगडाला हात लावायची आणि घर सांगायची. पाच, सहा, सात. साहेबांना आधी कंटाळा आला, मग ते थांबून ऐकू लागले. बाबूच्या दगडापाशी आल्यावर बाबूनं नकळत पायातली वहाण काढली. बातमी पसरली होती, बाया येतच होत्या, आणि आलेली प्रत्येक बाई काही न बोलता मोजत जाऊन आपल्या दगडापाशी उभी राहायची. तेलीण, जोशीण, बांगड्यावाल्याची म्हातारी. अंगणात गर्दी नव्हती, एक ओळ होती.

एकशे तिसऱ्या दगडाला इंदूबाई थांबली.

"हा विनायकरावांचा. पायाळू होते. बोला ना विनायकराव, खोटं हाये का?"

त्यांच्या वकिलानं सांगितलं की ही भावनेची बाब आहे, कायद्याची नाही. साहेबांनी विनायकरावांना सरळ विचारलं, आपका जन्म यहाँ हुआ था? विनायकरावांनी मान हलवली. साहेब म्हणाले, मान नको, बोला, लिहायचं आहे. तेव्हा त्यांना हो म्हणावं लागलं, आणि बाबूनं ते लिहून घेतलं.

महिन्यानं हुकूम आला. ज्या सह्यांच्या जोरावर मंजुरी दिली त्या सह्या समजून केलेल्या नाहीत, म्हणून मंजुरी रद्द. इमारत पाडू नये. इंदूबाईनं हुकुमातला शब्द न् शब्द बाबूकडून दोनदा समजून घेतला आणि मगच पोच दिली. पडलेली कमान कोणी उभी करायची, गेलेली दारं कोणी आणायची, याबद्दल हुकुमात एक अक्षर नव्हतं. ते तिनं विचारलं. बाबू म्हणाला, मावशी, वाचली ना इमारत, आता काय पायजे तुमाले? त्यावर तिला जे म्हणायचं होतं ते तिनं गिळलं, कारण बाबू बिचारा चांगला होता.

आणि मग जे झालं त्यानं तिच्या अंगाचा तिळपापड झाला. इमारत वाचल्यावर गावात ती वाचवायची समिती निघाली. आधी नव्हे, नंतर. धरोहर बचाव समिती. अध्यक्ष कोण, तर गजानन मास्तर. चौकात मांडव घातला, कर्णा लावला, इंदूबाईचा सत्कार ठरवला. ती जाणारच नव्हती. सुमन म्हणाली, "चाल. तू नाई गेली तर ते लोक तुयी शाल एकमेकाले घालतील."

मास्तरांचं भाषण पाऊण तास चाललं. राधाबाईंचा त्याग आला, दगडांची वाचा आली, आणि ज्या वास्तूशी आपली नाळ जुळली आहे तिच्यासाठी आपण सर्वांनी मिळून लढा दिला, असंही आलं. सर्वांनी मिळून हे ऐकून एकोणीस बायांनी एकमेकींकडे पाहिलं. इंदूबाई खुर्चीवर बसून होती, पाय जमिनीला पुरत नव्हते. मास्तरच्या तिन्ही लेकरांची नाळ एकशे बेचाळीसाव्या दगडापाशी, तिनंच पुरलेली. ती ज्या खोलीत कापली, त्या खोलीचं दार आता कशाला लावलं आहे, हे मांडवातल्या कितीजणांना ठाऊक होतं?

मास्तर शाल आणि नारळ घेऊन समोर आले. वाकले. इंदूबाईनं हात पुढं केला नाही.

"मास्तर, त्या दिवशी तुमी दाढी करून राहिले होते. मी तुमाले आपत्तीचा अर्थ इचारला. तुमी म्हनले, मराठीत तर तेच होते. आठवते?"

कर्णा चालूच होता. तिचा आवाज चौकभर गेला.

मास्तर म्हणाले की बाई, ते जाऊ द्या आता, शुभ प्रसंग आहे.

"जाऊ देलं. तुमी खोटं नाई बोलले, तेही खरं हाये. मले अक्षर तुमीच शिकवलं. पन अक्षर शिकवनाऱ्यानं अर्धा अर्थ सांगू नये. शाल राहू द्या. तुमच्या न्हाणीले जे दार बसवलं ते आना. गावातल्या अर्ध्या लोकायच्या माया त्या दाराआड वरडल्या हायेत. तिथी तुमी आंग धुवून राहिले."

मांडवात कोणी हसलं. मास्तरच्या हातात शाल तशीच लोंबत राहिली. इंदूबाई खुर्चीवरून उतरली आणि घरी गेली. तिच्या मागून बायाही उठल्या, आणि कर्ण्यावर कोणी तरी घाईघाईनं राष्ट्रगीत सुरू केलं.

दुसऱ्या दिवशी दुपारी ऊन तापलेलं असताना दवाखान्यापुढं हातगाडी थांबली. मास्तर पुढून ओढत होते, त्यांचा पोरगा मागून लोटत होता. गाडीवर दार. मास्तरांनी डोक्यावर टॉवेल घेतला होता, पण बोळापासून इथपर्यंत त्यांना कोणी ओळखलं नसेल असं नव्हतं. घराघरांतून बाया पाहत होत्या. दोघांनी दार उचलून बाळंतिणीच्या खोलीच्या चौकटीला टेकवलं. मास्तर घाम पुसत उभे राहिले.

इंदूबाईनं दाराला हात लावला. खालची फळी पाण्यानं फुगली होती. तिथं सहाणीवर चंदन उगाळल्यासारखा साबणाचा थर बसला होता. तिनं तो नखानं खरवडून पाहिला. मग ओळीनं बिजागऱ्या मोजल्या.

"तीन आनल्या," ती म्हणाली. "चार होत्या."

मास्तरांनी पोराकडे पाहिलं. पोरगा हातगाडी वळवून परत बोळाकडे निघाला.